लोकलमध्ये शिरण्याचा अभ्यासक्रम

[दृश्य: सकाळचे आठ. डोंबिवली, फास्ट लोकलचा फलाट.]

आजचा पाठ डोंबिवली ते दादर. साहित्य: पास, आणि छातीवर उलटी अडकवलेली सॅक. मोबाइल खिशात नव्हे, सॅकच्या आतल्या कप्प्यात.

आधी इंडिकेटरवर डबे १२ की १५ ते पाहा. दार कुठे येणार ते त्यावर ठरतं. पंधराच्या हिशेबाने टोकाला उभे राहिलात आणि आली बारा डब्यांची, तर धावणं आलं. धावायला जागा मात्र नाही.

[दृश्य: गाडी येते. थांबलेली नाही, तरी चढणं सुरू.]

थांबा अर्ध्या मिनिटाचा, त्यात उतरणारेही आलेच. दाराच्या मधल्या दांड्यासमोर उभं राहू नये, छाती तिथेच अडकते. डावी किंवा उजवी बाजू धरा, पुढचं काम मागचे लोक करतात.

या गर्दीला रेल्वेने दिलेलं नाव 'सुपर डेन्स क्रश लोड'. म्हणजे एका चौरस मीटरमध्ये १४ ते १६ माणसं उभी. खरं वाटत नसेल तर घरी फरशीवर खडूने मीटरभर चौकोन आखा आणि शेजाऱ्यांना बोलवा. आठव्या शेजाऱ्यानंतर संबंध बिघडतात.

[दृश्य: तिघांचा बाक, कडेला अर्धवट टेकलेला चौथा.]

ही चौथी सीट. बसलेल्याला एकच प्रश्न: "कुठे उतरणार?" तो "ठाणा" म्हणाला की जागा तुमची. व्यवहार तोंडी, मुद्रांक शुल्क माफ.

[दृश्य: उघडं दार, बाहेर लटकलेले प्रवासी.]

२०१७च्या नाताळात सुरू झालेल्या एसी लोकलची दारं मिटल्याशिवाय गाडी हलत नाही. एकाची सॅक अडकली की मागच्या गाड्याही रखडतात. साध्या डब्यात दार मिटलं तर हवा कोंडते, म्हणून ते उघडंच. ९ जून २०२५ला दिवा-मुंब्र्याच्या वळणावर दारात लटकलेले प्रवासी रुळांवर पडले, काही जणांचा जीव गेला. त्यानंतर रेल्वेने साध्या लोकलसाठीही आपोआप मिटणारी, झडपांची दारं आणि छतावर हवेची सोय जाहीर केली. तीच सोय आधी सुचायला काय हरकत होती, हा प्रश्न अभ्यासक्रमाबाहेरचा.

[दृश्य: घाटकोपर सुटलं.]

दादरवाल्यांनी आता सरकायला लागावं. पुढच्याला विचारा, "दादर?" तो "हो" म्हणाला तर त्याच्या पाठीला चिकटा, "नाही" म्हणाला तर त्याच्याशी जागा बदला. फलाट कुठल्या बाजूला येणार हेही आत्ताच विचारा. चुकीच्या दाराशी राहिलात, तर भायखळा बघून परत या.