तीनशे दिवस आणि तरीही हंगामी

पुण्याच्या दक्षिणेला पाचगाव पर्वतीचा डोंगर. तळजईला पहाटे फिरायला येणाऱ्यांना इथली झाडी चांगलीच ओळखीची. शहरवासीयांसाठी हा परिसर हिरवा करण्याची योजना वन खात्याने हाती घेतली आणि कामाला माणसं लावली रोजंदारीवर. वर्ष पालटलं तरी माणसं तीच. काही जण पाच-सहा वर्षं राबले; वर्षात कुणाचे तीनशेच्या वरही दिवस भरले. मस्टरवर मात्र ती हंगामीच राहिली.

मजूर औद्योगिक न्यायालयात गेले. हाताशी होता अनुचित कामगार प्रथांविरुद्धचा महाराष्ट्राचा १९७१चा कायदा. कायम कामगाराचे हक्क मिळू नयेत म्हणून एखाद्याला वर्षानुवर्षं बदली कामगार किंवा तात्पुरता ठेवणं, ही त्या कायद्याने अनुचित प्रथा ठरते.

पण हेतू सिद्ध करायचा कसा? ‘याला कायम होऊ द्यायचं नाही’ असं कोणता साहेब फायलीत लिहून ठेवेल?

प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. वन खातं हा उद्योगच नव्हे, म्हणून हा कायदा लागू नाही, आणि हेतूचा पुरावाही नाही, असं सरकारचं म्हणणं. १ डिसेंबर १९९५ रोजी निकाल लागला. दोन्ही मुद्दे फेटाळले गेले. इतकी वर्षं राबवून घेऊन तात्पुरतं ठेवलं, यातच हेतू दिसतो. वेगळा पुरावा कशाला हवा?

औद्योगिक न्यायालयाच्या निकालाविरुद्ध एरवी उच्च न्यायालयात रिट याचिका होते. ते अपील नव्हे. खालच्या न्यायालयाने अधिकार ओलांडला का, कायद्याची उघड चूक झाली का, निष्कर्षाला काही पुरावाच नाही का, एवढंच तिथे पाहायचं असतं. साक्षी पुन्हा तोलायच्या नसतात. खाली जिंकलेल्या मजुराला याचा आधार मिळतो. हरलेल्याला तीच भिंत आडवी येते. वर्षात २४० दिवस (अखंड सेवा धरायला लागतात तेवढे) भरल्याचं नुसतं प्रतिज्ञापत्र पुरत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली म्हटलं. मस्टर तर मालकाच्या कपाटात! म्हणून ते हजर करण्याचा अर्ज खालच्या न्यायालयातच द्यायला हवा. तिथे राहिलं की वर भरून काढणं अवघड.

२००६ साली उमादेवी निकाल आला. मागच्या दाराने सरकारी नोकरी नाही, असं पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने बजावलं. मग जो तो मालक तोच निकाल पुढे करू लागला. एसटीच्या गाड्या साफ करणाऱ्यांच्या प्रकरणात महामंडळानेही केला. त्यावर २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं: अनुचित प्रथा सिद्ध झाली, तर कायम करण्याचा आदेश देण्याचा औद्योगिक न्यायालयाचा अधिकार शाबूत आहे. मात्र पद अस्तित्वात हवं.

त्या एका अटीने वादाची जागाच हलवली. नगरपालिकांच्या प्रकरणांत मजूर किती दिवस राबला याइतकाच, किंवा जास्तच, कीस पडतो तो आकृतिबंधाचा, म्हणजे मंजूर पदांच्या आराखड्याचा. किती पदं मंजूर, किती रिकामी. आणि ती मंजूर करून घ्यायचं काम पुन्हा प्रशासनाकडेच.