वाजत राहिलेला फोन

मित्रहो, आत्ताच पाहिलेल्या 'सॅमसन अँड डिलायला'मधला वस्तीतला सार्वजनिक फोन आठवतोय? वाजतो, वाजतच राहतो आणि कुणी उचलत नाही. बाहेर चहा घेताना दोघातिघांनी मला विचारलं, पलीकडे कोण होतं? मला काय माहीत! दिग्दर्शक वॉर्विक थॉर्नटनने सांगितलेलंच नाही. आज मी बोलणार आहे ते या न सांगण्याविषयी.

थॉर्नटन हा कायटेटिये, म्हणजे ऑस्ट्रेलियाच्या मूळ रहिवाशांपैकी (अबोरिजिनल) एका समाजाचा माणूस. जन्म १९७० चा, ऑस्ट्रेलियाच्या मध्यावरल्या ॲलिस स्प्रिंग्जचा. त्याची आई फ्रेडा ग्लिन 'कामा' या अबोरिजिनल माध्यमसंस्थेच्या संस्थापकांपैकी एक. संस्था १९८० मध्ये उभी राहिली. पुढे उपग्रहावरून शहरी टीव्ही वाळवंटातल्या वस्त्यांवर येऊन थडकणार, हे दिसायला लागलं. मग घरात आपली भाषा टिकायची कशी? कामाने सरळ टीव्हीचा परवानाच मागितला आणि मिळवलाही. १९८८ मध्ये 'इम्पार्जा' वाहिनी सुरू झाली.

पोरगा तिथेच वाढला. आधी रेडिओवर गाणी लावायचा, मग कॅमेरा हातात आला. सिडनीच्या फिल्म स्कूलमध्ये छायाचित्रण शिकला. 'ग्रीन बुश' या त्याच्या लघुपटात रात्रपाळीचा रेडिओ निवेदक आहे. निघतो गाणी लावायला, पण आसऱ्याला आलेल्या माणसांना दार उघडून देणं हीच त्याची खरी नोकरी होऊन बसते. २००९ मध्ये आजचा हा सिनेमा आला. लेखन, दिग्दर्शन, कॅमेरा सगळं त्याचंच. कान महोत्सवात पहिल्या चित्रपटासाठीचा 'कॅमेरा द'ऑर' त्याला मिळाला.

तत्पूर्वी, १९५५ मध्ये, 'जेड्डा' येऊन गेला होता. मुख्य भूमिकांत अबोरिजिनल कलाकार, पण दिग्दर्शक गोरा. तिथे त्यांच्याबद्दल सांगितलं जात होतं, आणि ऐकणारा बाहेरचा धरलेला होता.

आजच्या सिनेमात बघा. आजी गेल्यावर डिलायला सुरीने आपले केस कापते. मग वस्तीतल्या म्हाताऱ्या बायका काठ्या घेऊन तिलाच मारतात. का? पडद्यावर कुणी अवाक्षर बोलत नाही. ज्यांच्याकडे मृत्यूनंतरची ही रीत आहे, त्यांना ते सांगावंच लागत नाही. तुम्हाआम्हाला कोड्यात राहावं लागतं. मला विचाराल तर हे कोड्यात राहणं आपल्याला बरंच आहे; दरवेळी आपल्यासाठी पाट मांडलेला असावा, असं थोडंच आहे? आणि तरीही, पुढे डिलायला मेली असं वाटून तिचा सोबती सॅमसन जेव्हा स्वतःचे केस कापतो, तेव्हा मघाशी कोड्यात असलेल्या या सभागृहात चिटपाखरू हललं नाही. ती रीत आपल्याला सिनेमाने न बोलता शिकवली होती.

त्याचा २०१७ चा 'स्वीट कंट्री' घडतो १९२९ मध्ये. त्याच्या दोन लेखकांपैकी डेव्हिड ट्रँटर हा मूळचा ध्वनिमुद्रक, आणि गोष्ट त्याने घरातल्या वडीलधाऱ्यांकडून ऐकलेली. म्हणजे आयुष्यभर कान लावून बसलेल्या माणसाने लिहिलेला सिनेमा! त्यात पार्श्वसंगीत जवळजवळ नाहीच. पुढे घडणाऱ्या गोष्टी मध्येच क्षणभर चमकतात आणि विझतात. गोऱ्याला गोळी घालून परागंदा झालेल्या अबोरिजिनल नायकाचं नाव सॅम केली. गावात फिरता सिनेमा येतो, तोही नेड केली या गोऱ्या दरोडेखोराचा. उघड्यावर बसून गाव तो बघतं. गावात कोर्टाची इमारत नाही, म्हणून पुढे सॅमचा खटलाही उघड्यावरच चालतो. बघायला पुन्हा तेच गाव.

पुढच्या शनिवारी 'स्वीट कंट्री' लावतोय. त्या दोन दृश्यांत बसलेल्यांचे चेहरे बघून ठेवा.