रमाकाकूंचं काय करायचं?

विषय जाहीर झालाय तो असा : 'आपलं लग्न आपल्या पद्धतीनं – आखणी आणि खर्च'. समोर बघते तर निम्म्या मंडळींच्या लग्नाला चाळीस वर्षं झालेली आहेत, आणि उरलेल्यांना त्यांच्या आयांनी धरून आणलंय. असू दे. मला खरं बोलायचंय ते मंगलाष्टकांवर. आखणीचं शेवटी सांगते.

आमच्या भाचीच्या लग्नात इव्हेंटवाल्यांचं पॅकेज होतं. त्यात 'पर्सनल टच' अशी वेगळी ओळ, वेगळे पैसे. म्हणजे काय, तर नवरी येताना पायाशी पांढरा धूर, बाजूला थंड फटाके, आणि 'खास तुमच्यासाठी रचलेली' मंगलाष्टकं, रेकॉर्ड करून. धुरानं गुरुजींना ठसका लागला. अंतरपाट धरणारे दोघे दिसेनासे झाले, नुसता अंतरपाट तरंगतोय. आणि त्या धुरातून गोड आवाजात पहिलं मंगलाष्टक सुरू झालं, ते भलत्याच नवरानवरीच्या नावानं! आदल्या आठवड्यातलं जोडपं असणार. चारशे माणसं मुठीत अक्षता धरून एकमेकांकडे बघतायत. माझ्या शेजारच्या आजींनी टाकून दिल्या. "त्यांचंही भलं होऊ दे," म्हणाल्या.

शेवटी भाचीच्या आत्यानं माइक हिसकावला आणि पर्समधून कागद काढला. गळा यथातथाच. पण भाची देवघरामागे लपून नैवेद्याचे लाडू खायची, ते त्यात होतं. अंतरपाटापलीकडून नवरदेव फिस्सकन हसला. त्या लग्नातलं मला तेवढंच आठवतं. बिल मात्र पुरं भरलं, धुरासकट.

आता तुम्ही म्हणाल, आम्हाला कुठे कविता येते? कवितेची गरजच नाही हो, बोटं मोजता आली की झालं. मंगलाष्टकांचं वृत्त शार्दूलविक्रीडित, गण म स ज स त त ग. ओळीत १९ अक्षरं, १२ वर दम घ्यायचा, मग ७. शाळेत छड्या खाऊन पाठ केलेलं वृत्त आहे, त्याचा उपयोग करायला आयुष्यात दुसरी संधी येत नाही. हे बघा, मी बसमध्ये केलेली ओळ :

आजोबा रुसले म्हणून जिलबी आली पुन्हा मांडवी

मोजा हवं तर. दुसरी, एका विसरभोळ्या जोडप्यासाठी :

चष्मा हा विसरे, हिला न मिळती किल्ल्या घराच्या कधी

आणि कडव्याच्या शेवटी 'कुर्यात् सदा मंगलम्' ही सात अक्षरं आयती मिळतात. शेवटच्या ओळीचं एक तृतीयांशाहून जास्त काम वाचलं!

नावंही बसतात. सायली बसते, प्रथमेश बसतो, सौदामिनीसुद्धा बसते. अडतात त्या रमाकाकू. एक लघु (आखूड) अक्षर आणि मागोमाग तीन गुरू (लांब), असा क्रम त्या ओळीत एकाच जागी सापडतो आणि नेमका तिथेच दम घ्यायचा असतो. म्हणजे 'रमा' अलीकडे, 'काकू' पलीकडे. काकू रागावतात.

हे थिल्लर वाटत असेल तर जोतीरावांकडे बघा. २५ डिसेंबर १८७३ ला पहिला सत्यशोधक विवाह लागला, भटजीशिवाय. त्यांनी मंगलाष्टकंच नवी लिहिली, त्यांत वधू आणि वर एकमेकांशी बोलतात, वचनं देतात-घेतात. वेगळं लग्न म्हणजे काय, ते दीडशे वर्षांपूर्वी पुण्यात करून झालंय, धुराशिवाय. जांबच्या नारायणाला, म्हणजे पुढच्या समर्थ रामदासांना, तर बोहल्यावरून पळायला नुसतं 'सावधान' पुरलं. हल्ली डीजेत ते ऐकू येत नाही, म्हणून मुलं बोहल्यावर टिकतात.

चिठ्ठी आलीय. पाच मिनिटं. बरं, आखणी.

नोंदणी लग्न करणार असाल तर १९५४ चा विशेष विवाह कायदा : ३० दिवस आधी नोटीस, ३ साक्षीदार. सभागृहाच्या आधी हे बघा, उलट करू नका. वैदिक करणार असाल तर १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात सप्तपदीचा उल्लेख आहे, सातवं पाऊल पडलं की लग्न पूर्ण. मंगलाष्टकांचा तिथे उल्लेखच नाही, म्हणून तिथे हवी तेवढी मोकळीक घ्या. पण पाचच ठेवा, घड्याळ लावून, नाहीतर प्रत्येक मावशी गाणार आणि मुहूर्त जाणार. अक्षतांऐवजी फुलांच्या पाकळ्या चालतील, पण गुळगुळीत फरशीवर नकोत, आमचे व्याही घसरले होते. रुखवतात विकतचं काही नको, घरच्यांनी केलेलं वेडंवाकडं चालेल. जेवण : मसालेभात, मठ्ठा, जिलबी. बारा काउंटर लावलेत तर पाहुणे नवरानवरीला भेटतच नाहीत. आणि खर्च... खर्चाचं राहिलं. अध्यक्ष उभेच राहिलेत.

चहा बाहेर आहे. ज्यांच्या घरी रमाकाकू आहेत त्यांनी तेवढं थांबा, मी वही आणलीय.