ढोलीतला कोळी

(दृश्य: आंबोली, पावसाळ्यातली रात्र. जुन्या झाडाच्या बुंध्यावर टॉर्चचा झोत.)

आंबोलीचा धबधबा सगळ्यांना माहीत आहे. आपण मात्र आलोय रात्री, एका जुन्या झाडापाशी. बुंध्यात ढोली आहे. तिच्या तोंडाशी पांढुरक्या जाळ्याचं अस्तर, त्यात सालीचा भुगा अडकलेला. आणि अस्तरावर टेकलेली केसाळ पायांची टोकं.

हा टॅरंटुला. नाव पोसिलोथेरिया रेगॅलिस. पाय पसरले तर माणसाचा तळहात झाकेल. टॅरंटुला म्हटलं की जमिनीतलं बीळ डोळ्यांसमोर येतं. पोसिलोथेरिया हा गट मात्र झाडांवर राहतो, आणि भारत-श्रीलंकेबाहेर जगात कुठेच सापडत नाही.

(दृश्य: पाठीवरची नक्षी, अगदी जवळून.)

राखाडी, काळा, पांढरा. सालीवरच्या दगडफुलात हा रंग असा मिसळतो की नजर त्याच्यावरून निघून जाते. पण त्याला डिवचलं, की पुढचे पाय उंच उचलतो, आणि खालच्या बाजूचा झगझगीत पिवळा रंग समोर येतो. ही धमकी समजून मागे सरावं. याचा चावा जीवघेणा ठरल्याची नोंद नाही, पण वेदना जबर होतात आणि स्नायूंत पेटके येतात.

भक्ष्यासाठी तो जाळं विणत नाही. ढोलीच्या दारात बसतो, पायांवरच्या केसांनी कंप टिपतो, आणि झुरळ किंवा रातकिडा टप्प्यात आला की झडप घालतो. मादी दहा वर्षांहून जास्त जगू शकते. पिल्लं बराच काळ आईसोबत एकाच ढोलीत राहतात. एकमेकांना खाण्याबद्दल बदनाम असलेल्या कोळ्यांमध्ये हे फार दुर्मीळ.

(दृश्य: ओढ्याकाठची फांदी. मलबार चापडा.)

थोडं पुढे, ओढ्यावर झुकलेल्या फांदीवर चापडा, एक विषारी साप. कुणी हिरवा, कुणी तपकिरी, कुणी पिवळा, जात एकच. डोळा आणि नाकपुडी यांच्या मधला हा खळगा पाहा. अंधारात उंदराच्या अंगाची ऊब तो यातून ओळखतो. एकाच जागी दिवसेंदिवस बसून राहतो, म्हणून फोटोसाठी त्याला काठीने दुसऱ्या फांदीवर नेणारे महाभागही भेटतात. तसं करू नका. आपल्याकडची सर्पदंशाची लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं यांच्या विषावर बनवलेली असते, चापड्याच्या नाही.

दिवस उजाडला की फांद्यांवर हरणटोळ साप दिसतो. वाऱ्यावर हलणाऱ्या डहाळीसारखा डोलतो. डोळ्याची बाहुली आडवी, त्यामुळे समोरच्या सरड्याचं अंतर नेमकं कळतं. हा माणसाच्या टाळूवर डसतो, असं गावागावांत सांगतात, आणि त्यापायी तो मारला जातो. त्याचं सौम्य विष सरडे-बेडकांपुरतं आहे.

आता पुन्हा ढोलीकडे, कारण सगळं तिथेच अडलंय. ढोली कोवळ्या झाडात नसते. फांदी मोडते, बुरशी लागते, आतलं लाकूड कुजत जातं. यात कित्येक दशकं निघून जातात. दोडामार्ग-सावंतवाडीच्या पट्ट्यात काजू आणि रबराच्या लागवडीसाठी जुनं जंगल उतरवलं गेलं. वरून पाहिलं तर तिथे आजही हिरवंच दिसतं. ढोली मात्र नाही.

(दृश्य: निळा टॅरंटुला, संग्रहित चित्रण.)

आंध्र प्रदेशातल्या निळ्या पोसिलोथेरिया मेटॅलिकाची गोष्ट इथे सांगायलाच हवी. 1899 मध्ये ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ पोकॉक यांनी त्याचं वर्णन केलं. नमुना मिळाला होता गुत्तीच्या रेल्वे लाकूड-वखारीत. तोडलेल्या लाकडाबरोबर तो तिथे आला असावा. पुढची शंभर वर्षं कुणालाच दिसला नाही. 2001 मध्ये नंद्याळ आणि गिद्दलूर यांच्यामधल्या जंगलात तो पुन्हा सापडला, आणि लगेच परदेशातल्या हौशी संग्राहकांची मागणी सुरू झाली. आज तो अतिसंकटग्रस्त आहे. 2019 मध्ये पोसिलोथेरिया गटातल्या सगळ्या कोळ्यांचा आंतरराष्ट्रीय व्यापार साइट्स या वन्यजीव-व्यापारावरच्या जागतिक कराराच्या नियंत्रणाखाली आला.

आपल्या रेगॅलिसला मात्र व्यापाऱ्याइतकीच भीती घरातल्या चपलेची. वयात आलेला नर मादीच्या शोधात ढोली सोडतो, आणि कधी कधी पडवीत, माळ्यावर येऊन पोचतो. तसा दिसला तर हात लावू नका. वरून मोठा डबा ठेवा, खालून जाड पुठ्ठा सरकवा, आणि जवळच्या जुन्या झाडाच्या बुंध्याशी नेऊन सोडा.