आठ नंबरात केळी

नमस्कार श्रोतेहो. बेळगाव, खानापूर, निपाणी, जिथं कुठं ऐकत असाल तिथं, आज एका हॉटेलाबद्दल बोलायचंय. हे हॉटेल टीव्हीतलं. ‘फॉल्टी टॉवर्स’ या विनोदी मालिकेतलं. इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावर टॉर्की नावाचं गाव आहे, तिथं हे कसंबसं चाललेलं हॉटेल दाखवलंय. बीबीसीनं १९७५ साली सहा भाग दाखवले, १९७९ साली आणखी सहा. बारा भाग, श्रोतेहो, फक्त बारा! आणि २००० साली ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटनं तिथल्या शंभर उत्तम कार्यक्रमांची यादी केली, तिच्यात हीच मालिका पहिली. आपल्याकडं सासू-सुनेचं एकेक भांडण महिनाभर चालतं. मला ते मुळीच आवडत नाही. गोष्ट संपली की उठावं.

लिहिणारे जॉन क्लीझ आणि कॉनी बूथ, नवरा-बायको. १९७० साली क्लीझ आपल्या मित्रांबरोबर टॉर्कीच्या एका हॉटेलात उतरले होते. एका मित्राच्या बॅगेत घड्याळ टिकटिकत होतं. मालकाला वाटलं बॉम्बच, त्यानं बॅग उचलून बाहेर भिंतीपलीकडं नेऊन ठेवली. बाकीचे कंटाळून दुसऱ्या हॉटेलात गेले. क्लीझ मात्र तिथंच राहिले. त्या मालकावरूनच त्यांना मालिकेतला चिडका हॉटेलमालक बेसिल फॉल्टी सुचला. पुढं १९७८ साली या दोघांचा घटस्फोट झाला, तरी १९७९ चे सहा भागही दोघांनी मिळूनच लिहिलेले आहेत.

या हॉटेलात मॅन्युएल नावाचा वेटर आहे, स्पेनमधल्या बार्सिलोनाचा. मालक इंग्रजीत ओरडतो, याला अर्धं कळतं. ते काम करणारे अँड्र्यू सॅक्स जन्मले बर्लिनमध्ये. नाझींच्या भीतीनं त्यांचं कुटुंब इंग्लंडला आलं तेव्हा ते आठ वर्षांचे होते. परक्या भाषेत पोर कसं बावरतं, हे त्यांना शिकवायची गरज नव्हती.

मॅन्युएल बघितला की मला आमच्या मामांचा पोऱ्या आठवतो. बेळगावात स्टेशनजवळ मामांचं लॉज होतं, खाली खानावळ, माडीवर दहा खोल्या. दहातल्या चार भरल्या तरी मामी देवापुढं साखर ठेवायची. पोऱ्या बैलहोंगलकडचा, नवाच आलेला, मराठीचा गंध नाही. मामांचा आवाज मोठा, आणि कन्नड मोडकं.

आषाढी एकादशीचा दिवस. पाऊस असा की समोरचं दुकान दिसेना. आठ नंबरात खानापूर तालुक्यातले एक म्हातारे आजोबा उतरले होते, दुसऱ्या दिवशी कोर्टाची तारीख होती. गुडघ्यामुळं वारी चुकलेली, उपास कडकडीत. मामांनी गल्ल्यावरून हाक दिली, “आठ नंबरात केळी!”

आता बघा हं. आपली केळी म्हणजे खायची केळी. कन्नडमध्ये केळी म्हणजे ‘विचारा’, आणि केळी म्हणजे ‘ऐका’सुद्धा. पुन्हा सांगतो, विचारा आणि ऐका. पोऱ्या वर गेला, अदबीनं विचारलं, “एन् बेक्री?” काय पाहिजे? आजोबा म्हणाले, “केळी.” पोऱ्याला वाटलं, ऐका म्हणतायत. उभा राहिला. आजोबा पुन्हा म्हणाले, “केळी, बाळा, केळी.” पोऱ्यानं मांडी घातली.

अर्धा तास झाला. खाली गिऱ्हाईक खोळंबलेलं, टेबलं पुसायची राहिलेली. मामा तणतणत जिना चढले. हात उगारलेलाच होता. दार उघडलं, तर आजोबा डोळे मिटून तुकोबांचे अभंग म्हणतायत आणि पोरगं समोर हात जोडून बसलंय. एक शब्द कळत नव्हता त्याला. मालकानं पाठवलंय ऐकायला, म्हणून ऐकत होतं.

मामांचा हात खाली आला. तसेच भिजत ते कोपऱ्यावरच्या गाड्यावर गेले, जवारी केळ्यांची अख्खी फणी आणली आणि स्वतः वर नेऊन दिली. आणि तेही बसले. खाली मामीनं एकटीनं खानावळ सांभाळली, हेही सांगितलं पाहिजे. आपल्या भागात प्रत्येक पोराला मराठी आणि कन्नड दोन्ही यावं, हे माझं ठाम मत त्या दिवसापासूनचं आहे.

हां, मालिकेचं राहिलंच. अमेरिकेत १९८३ साली ‘अमांडाज’ नावानं हिची नक्कल निघाली. हॉटेल ठेवलं आणि बेसिलच काढून टाकला! काही महिन्यांत बंद पडली. चिडका मालक काढला, तर जिना चढून वर कोण येणार?

आजोबांची तारीख पुढं चार वर्षं पडत राहिली. दरवेळी खोली आठ नंबरचीच. आणि ते रजिस्टरात सही करेपर्यंत पोऱ्या दोन केळी घेऊन वर जाऊन बसलेला असायचा.

नमस्कार.