पारामागचे दगड

मंडळी, फोन खिशात ठेवू नका, शेवटी टॉर्च लागणारे.

दरवेळी लोक विचारतात, सर एवढ्या जुन्या काळातली साधी माणसं कशी जगायची ते तुम्हाला कळतं कसं? राजांचे ताम्रपट असतात, साध्या माणसाचं काय? तर त्याचं उत्तर बऱ्याचदा आपल्याच गावात देवळाच्या मागे पडलेलं असतं, आपण त्याला शेंदूर फासून म्हसोबा म्हणतो किंवा सरळ विहिरीवर नेऊन त्याच्यावर धुणं आपटतो. वीरगळ, म्हणजे लढताना मेलेल्या वीराच्या आठवणीचा कोरीव दगड.

हा खालून वर वाचायचा. सगळ्यात खाली लढाई, आणि तिथे गाई कोरलेल्या असतील तर समजायचं की कोणीतरी गुरं वळवून न्यायला आलं आणि हा आडवा गेला. मेला. त्याच्या वरच्या चौकटीत अप्सरा त्याला घेऊन चालल्यात, त्याच्या वर तो शिवलिंगाची पूजा करतोय, आणि पार वरती चंद्रसूर्य, म्हणजे ते आहेत तोवर याची आठवण राहील. आता गंमत बघा, आपल्याकडच्या बहुतेक वीरगळांवर नावच नाही! आठवण चंद्रसूर्य असेतोवर, पण कोणाची ते लिहायचं राहिलं. मला वाटतं लिहायची गरजच वाटली नसणार, गावात सगळ्यांना माहीत होतं की हा कोणाचा पोरगा.

बोरिवलीला एकसरला जाऊन या, तिथल्या वीरगळांवर वल्ह्यांची जहाजं आहेत, अख्खी समुद्रावरची लढाई. यादव आणि शिलाहार या दोन राजघराण्यांमधली असावी असं बरेच अभ्यासक मानतात, वाद आहेत, पण ती वल्ही मोजत बसायला फार मजा येते.

दुसरा दगड गधेगाळ. वर चंद्रसूर्य, मधे राजाने दिलेल्या जमिनीच्या दानाचा लेख, खाली गाढव आणि बाई. दान मोडेल त्याला आईवरून शिवी, दगडात. लहान मुलं आहेत म्हणून जास्त सांगत नाही. पण विचार करा, राजाला शिवी का कोरावी लागली? 'इथे कचरा टाकू नये' ही पाटी कुठे लागते? जिथे लोक टाकतात तिथेच ना! म्हणजे दिलेल्या जमिनी लोक बळकावत होते आणि राजालाही खात्री नव्हती की आपल्यामागे आपला शब्द कोणी पाळेल. आणि शिवी पुरुषाला, पण दगडावर अपमान बाईचा, हे तेव्हाही होतं.

शेंदरावरून मला कोणाशी भांडायचं नाही. नक्षी बुजते हे खरं, पण शेंदूर होता म्हणूनच कित्येक दगड पायरीत गेले नाहीत. फक्त आता ऑइलपेंट नको, प्लीज, आणि अक्षरं दिसावीत म्हणून खडू-पीठही चोळू नका.

चला, अंधार पडलाय. पारामागे दोन आहेत, मी दुपारी बघून आलोय. टॉर्च समोरून नाही मारायचा, दगडाला चिकटून बाजूने धरायचा, मग सावल्या पडतात आणि दिवसा सपाट वाटतं तिथे शिंगं दिसायला लागतात. डावीकडच्यावर गाई किती आहेत ते मोजा, मला चार दिसल्या, पाचवीवर आमचं एकमत होईना.