ब्रेथलेसची कात्री कुणाच्या हातात होती?

हा सीन नीट बघा. उघडी गाडी, पॅरिसचा रस्ता, आणि आपल्याला दिसतेय फक्त हिरॉइन जीन सीबर्गची मान आणि ते बारीक कापलेले केस. आता तिच्या पलीकडचा रस्ता बघा, झटक्यात बदलतो, परत बदलतो, ऊन बदलतं, कडेच्या गाड्या बदलतात, पण हिरो बेलमोंदोचं बोलणं आपलं चालूच. हाच तो जंप कट, म्हणजे चालू शॉटमधला तुकडा काढल्याने चित्राने मारलेली उडी. १९६० च्या ब्रेथलेस या फ्रेंच पिक्चरमधला. नाव झालं डायरेक्टर गोदारचं, एडिटिंग केलं सेसिल देक्युजिसने. परत सांगतो, सेसिल देक्युजिस. पिक्चरच्या सुरुवातीला कुणाचीच नावं नाहीत, गोदारचंसुद्धा नाही, तरी त्याचं जगाला पाठ झालं आणि तिचं राहून गेलं.

झालं असं की पहिला कट दोन तासांच्या वर गेला, आणि हवा होता दीड तासाचा. सरळ उपाय म्हणजे काही सीनच उडवायचे, पण यांनी चालू शॉटच्या मधूनच तुकडे काढले. या गाडीच्या सीनमध्ये दोघांचेही शॉट होते, दोघांचं थोडं थोडं कापण्यापेक्षा एकालाच काढू म्हणून गोदार आणि एडिटरने चक्क छापा-काटा केला, हे गोदारनेच नंतर सांगितलंय. सीबर्ग राहिली. त्यात शूटिंगच्या वेळी आवाज धरलाच नव्हता, डायलॉग सगळे नंतर डब केले, म्हणून चित्र कुठेही तोडा, आवाज वरून सलग बसवता यायचा. आणि हे काँप्युटरवरचं काम नाही हो, खरी फिल्म, हातात धरायची, फ्रेम शोधायची, कापायची, जोडायची, चालवून बघायची, नाही पटलं की जोड सोडवून पुन्हा पहिल्यापासून.

हे गेट पॅरिसच्या ला रोकेत जेलचं, बायकांचं जेल. सेसिल इथेच कैदेत होती. जेल पाडलं, आता आत बाग आहे. फ्रान्सच्या ताब्यातल्या अल्जेरियाच्या स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्यांना तिने स्वतःच्या नावावर घर भाड्याने घेऊन दिलं होतं, पाच वर्षांची शिक्षा झाली, दोन वर्षं आत काढली.

आणि हा फ्रेंच डायरेक्टर रोमेरचा माय नाइट ॲट मॉड्स, १९६९. एडिटर तीच, सेसिल. इथे बघा, एकजण बोलतोय आणि आपण बघतोय ऐकणाऱ्याचा चेहरा, किती वेळ, कट येतच नाही. कधी कापायचं नाही हेही तिला तितकंच पक्कं कळत होतं. मग क्लेअर्स नी, पॉलिन ॲट द बीच, १९८४ चा फुल मून इन पॅरिस, रोमेरचे कितीतरी पिक्चर तिच्याच टेबलावरून गेले.